ऑलिव्हिया डी हॅव्हिलंड: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जुन्या हॉलिवूडबद्दल लिहायला लागल्यापासून ज्या नटीबद्दल सर्वांत जास्त विचारणा होते, ती मेरिलिन मन्रो असेल असं मला वाटलं होतं. पण निघाली ऑलिव्हिया. वाचकांकडून पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. साधे आधी, अडचणीचे नंतर. एका प्रश्नाचं उत्तर दुसऱ्यात येत असेल तिथे क्रमांक दिला आहे.

१. ऑलिव्हिया डी हॅव्हिलंड म्हणजे नक्की कोण? नाव ऐकलंय, चेहरा आठवत नाही.

'गॉन विथ द विंड' पाहिला असेल तर चेहरा आठवेलच. स्कार्लेटच्या सगळ्या उचापती पोटात घालून तिच्यावर माया करणारी शांत, सोशिक मेलनी म्हणजे ऑलिव्हिया. जन्म १ जुलै १९१६, टोकियो. मृत्यू २६ जुलै २०२०, पॅरिस, वयाच्या १०४ व्या वर्षी. ऑस्करची पाच नामांकनं आणि त्यांतली दोन बक्षिसं, दोन्ही प्रमुख अभिनेत्रीची: 'टू ईच हिज ओन' (१९४६) आणि 'द एअरेस' (१९४९). १९३५ साली पडद्यावर आली आणि १९८८ पर्यंत सिनेमा-टीव्हीवर दिसत राहिली.

अमेरिकेत तिचं नाव सिनेमावाल्यांइतकंच वकिलांच्याही तोंडी असतं. ते का, हे प्रश्न ८ मध्ये.

२. जन्म टोकियोत, मृत्यू पॅरिसमध्ये. मग ती अमेरिकन कशी?

आई-वडील ब्रिटिश होते. वडील वॉल्टर आधी टोकियोच्या इम्पीरियल विद्यापीठात इंग्रजी शिकवत, नंतर तिथेच पेटंटची वकिली करू लागले. आई लिलियन रंगभूमीवरची नटी. धाकटी बहीण जोन १९१७ मध्ये जन्मली. आई-वडिलांचं पटेना, तेव्हा १९१९ मध्ये दोन्ही मुलींना घेऊन इंग्लंडला परतायचं ठरलं. वाटेत मुली आजारी पडल्या, मुक्काम कॅलिफोर्नियात लांबला तो कायमचाच. वडील जपानला निघून गेले. आईने सान होजेजवळच्या सॅराटोगा गावात बिऱ्हाड केलं आणि पुढे जॉर्ज फॉन्टेन नावाच्या दुकान-व्यवस्थापकाशी लग्न केलं.

कागदोपत्री ऑलिव्हिया ब्रिटिशच राहिली. तिने अमेरिकन नागरिकत्व घेतलं २८ नोव्हेंबर १९४१ रोजी. त्यानंतर नऊ दिवसांनी पर्ल हार्बरवर बॉम्ब पडले. जन्मस्थळ टोकियो असलेल्या बाईला ते काम नंतर किती जड गेलं असतं, ते सांगायला नको.

३. विमानं बनवणारे डी हॅव्हिलंड हेच का?

हो, घराणं तेच. विमान कंपनी काढणारे सर जेफ्री डी हॅव्हिलंड हे तिच्या वडिलांकडून चुलत नात्यातले. आपल्याकडच्या वाचकांना याची एक खूण माहीत असते: १५ ऑक्टोबर १९३२ रोजी जेआरडी टाटांनी कराचीहून टपाल घेऊन जुहूच्या धावपट्टीवर जे विमान उतरवलं, ते 'पस मॉथ' डी हॅव्हिलंड कंपनीचंच. ऑलिव्हियाचा त्या धंद्याशी काही संबंध नव्हता. ती तेव्हा शाळकरी मुलगी होती.

४. ती सिनेमात आली कशी? घरचं वशिल्याचं काही होतं का?

वशिला नाही, पण नशीब मात्र जोरावर होतं. ती शाळा संपवून इंग्रजीची शिक्षिका व्हायला निघाली होती, ओकलंडच्या मिल्स कॉलेजची शिष्यवृत्तीही मिळाली होती. गावातल्या हौशी नाटकात ती शेक्सपिअरच्या 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम'मधला पक करत असे. १९३४ मध्ये जर्मन रंगभूमीचा बडा दिग्दर्शक मॅक्स राइनहार्ट तेच नाटक हॉलिवूड बोलच्या उघड्या रंगमंचावर बसवत होता. त्यात हर्मियाच्या भूमिकेसाठी राखीव नटी होती आणि त्या राखीव नटीची राखीव म्हणून ऑलिव्हिया. मूळ नटी ग्लोरिया स्टुअर्ट चित्रीकरणासाठी गेली, मधलीही गेली आणि अठरा वर्षांची ही पोरगी थेट रंगमंचावर उभी राहिली. (या ग्लोरिया स्टुअर्टला तुम्ही ओळखता. 'टायटॅनिक'मधली म्हातारी रोझ तीच.)

राइनहार्टने वॉर्नर ब्रदर्स या स्टुडिओसाठी त्या नाटकाचा सिनेमा केला तेव्हा हर्मिया हीच ठेवली. वॉर्नरने तिला आठवड्याला २०० डॉलरवर करारात बांधून घेतलं. मिल्स कॉलेज राहिलं ते राहिलंच.

५. एरॉल फ्लिनबरोबर नेमके किती चित्रपट, आठ की नऊ? आणि त्यांचं प्रेम होतं का?

जोडी म्हणून आठ. 'कॅप्टन ब्लड' (१९३५) पहिला, 'दे डाइड विथ देअर बूट्स ऑन' (१९४१) शेवटचा. नऊ मोजणारे 'थँक युअर लकी स्टार्स' (१९४३) धरतात. तो स्टुडिओतल्या सगळ्या नटमंडळींची हजेरी घेणारा प्रकार होता. त्यात दोघं आहेत, पण जोडी म्हणून नाहीत. तेव्हा आठच धरा.

आठांतला बघायलाच हवा असा एक, 'द अॅडव्हेंचर्स ऑफ रॉबिन हूड' (१९३८). टेक्निकलरचा तो हिरवा-लाल भपका आजही डोळ्यांत भरतो. ऑलिव्हियाची लेडी मॅरियन त्यात दिसायला सुंदर आहेच, शिवाय तिला रॉबिनकडे बघून आपलं मत बदलताना आपण पाहतो. लढायांनी भरलेल्या सिनेमात एवढं काम काढणं सोपं नसतं.

प्रेमाबद्दल: होतं, असं तिनेच म्हातारपणी सांगितलं. पण फ्लिन विवाहित होता आणि गोष्ट पुढे गेली नाही.

६. त्यांचा एक सिनेमा भारतात घडतो म्हणे?

'द चार्ज ऑफ द लाइट ब्रिगेड' (१९३६). घडतो भारतात, चित्रित झाला सगळा कॅलिफोर्नियात. इतिहासाची तर पार खिचडी आहे. सुरिस्तान नावाचं काल्पनिक संस्थान, त्याचा अमीर सुरत खान, त्याने केलेली इंग्रज बायकापोरांची कत्तल (ही कल्पना सरळ १८५७ च्या कानपुरातून उचललेली), आणि मग क्रिमियन युद्धातल्या बालाक्लाव्हाच्या मैदानात रशियनांच्या बाजूने तो खान दिसताच इंग्रज घोडदळाने काढलेला सूड! खरा बालाक्लाव्हाचा हल्ला १८५४ चा, म्हणजे कानपूरच्या तीन वर्षं आधीचा. ऑलिव्हियाच्या वाट्याला दोन भावांच्या मधे उभं राहणं एवढंच काम आहे.

हा सिनेमा आज बदनाम आहे तो घोड्यांमुळे. धावत्या घोड्यांच्या पायांना तारा बांधून त्यांना पाडलं गेलं आणि त्यात कित्येक घोडे मेले. त्यावर झालेल्या ओरडीमुळे पुढे चित्रीकरणातल्या प्राण्यांसाठी नियम आले.

७. मेलनीची भूमिका तिला मिळाली कशी? आणि मग ऑस्कर का नाही?

निर्माता डेव्हिड सेल्झनिकला ती हवी होती, तिला भूमिका हवी होती. अडून बसला तो तिचा मालक जॅक वॉर्नर. दुसऱ्याच्या सिनेमासाठी तो तिला सोडायला तयार नव्हता. मग ऑलिव्हियाने त्याच्या बायकोला, अॅन वॉर्नरला चहाला बोलावून गळ घातली. अॅनबाईंनी नवऱ्याला राजी केलं. मालकाला वळसा घालायचं हे तिचं पहिलं उदाहरण.

चित्रीकरण सुरू होऊन काही आठवडे होतात न होतात तोच दिग्दर्शक जॉर्ज क्यूकरला काढून व्हिक्टर फ्लेमिंगला आणलं. स्कार्लेट झालेली विवियन ली आणि ऑलिव्हिया दोघींचा क्यूकरवर भरवसा होता. दोघी सुट्टीच्या दिवशी गुपचूप क्यूकरकडे जाऊन आपापले प्रसंग घोटून घ्यायच्या. गंमत म्हणजे दुसरीही तेच करते आहे, हे बराच काळ दोघींनाही ठाऊक नव्हतं.

ऑस्करचं म्हणाल तर तिचं नामांकन सहायक अभिनेत्रीचं होतं आणि ते बक्षीस २९ फेब्रुवारी १९४० च्या रात्री त्याच सिनेमातल्या मॅमीला, हॅटी मॅकडॅनियलला मिळालं. ऑस्कर मिळवणारी ती पहिली कृष्णवर्णीय व्यक्ती. त्या सभागृहात तिला बाकीच्या कलाकारांपासून वेगळ्या टेबलावर बसवलं होतं. ऑलिव्हिया तेव्हा हिरमुसली होती. तिला राग होता आणि तो ओसरायला वेळ लागला, हे तिने नंतर मोकळेपणाने सांगितलं. माझं विचाराल तर मॅमीचं काम मेलनीपेक्षा उजवंच आहे.

८. तिने स्टुडिओवर खटला भरला तो नेमका काय? सोप्या भाषेत सांगा.

आधी तेव्हाचा करार समजून घ्या. स्टुडिओ नटाला सात वर्षांसाठी बांधायचा. दर वर्षाच्या शेवटी पुढे ठेवायचं की हाकलायचं, हे स्टुडिओ ठरवणार. नटाला सोडून जायची मुभा नाही. भूमिका कुठली करायची, तेही स्टुडिओ ठरवणार. नाही म्हटलं की निलंबन. म्हणजे पगार बंद आणि दुसरीकडे काम करायलाही बंदी. ती भूमिका दुसरी कोणी करून संपवेपर्यंत घरी बसा. खरी मेख त्याच्यापुढे होती. जितके आठवडे घरी बसलात, तितके कराराच्या शेपटाला जोडले जाणार. नट जितका ताठ, तितकी त्याची सात वर्षं लांब.

ऑलिव्हियाला 'गॉन विथ द विंड'नंतरही वॉर्नर नायकाच्या खांद्याला टेकून उभं राहायची कामं देत होता. ती नाकारू लागली, निलंबित होऊ लागली. तिचा करार ५ मे १९३६ ला सुरू झालेला, म्हणजे ५ मे १९४३ ला सात वर्षं पुरी. त्या दिवशी स्टुडिओने सांगितलं की निलंबनाचे मिळून सुमारे सहा महिने अजून देणं लागतेस.

तिचा वकील मार्टिन गँग याने तिला कॅलिफोर्नियाच्या कामगार कायद्याचं एक कलम दाखवलं. वैयक्तिक सेवेचा करार सात वर्षांपलीकडे कामगारावर लादता येत नाही, एवढंच ते सांगतं. प्रश्न एकच होता: सात वर्षं म्हणजे भिंतीवरच्या कॅलेंडरची सात वर्षं, की प्रत्यक्ष काम केलेल्या दिवसांची बेरीज? ऑगस्ट १९४३ मध्ये ती कोर्टात गेली.

स्टुडिओचं म्हणणं दोन पायांवर उभं होतं. एक, सात वर्षं म्हणजे कामाची. दोन, निलंबनाची अट मान्य करून तिने सही केलेली आहे, मग आता तक्रार कसली? खालचं कोर्ट तिच्या बाजूने गेलं. वॉर्नरने अपील केलं आणि ८ डिसेंबर १९४४ रोजी अपील कोर्टाने दोन्ही पाय काढून घेतले. सात वर्षं म्हणजे कॅलेंडरची सात वर्षं. आणि हा कायदा सर्वांच्या हितासाठी केलेला आहे, तेव्हा खासगी कागदावर सही करून तो हक्क आगाऊ सोडून देता येत नाही. फेब्रुवारी १९४५ मध्ये राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने वॉर्नरचं पुढचं अपील ऐकायलाही नकार दिला.

या काळात तिच्या हाती काम नव्हतं. जॅक वॉर्नरने इतर चित्रपट कंपन्यांना पत्रं धाडून बजावलं होतं की ही आमच्या करारात आहे, हिला घेऊ नका. सत्तावीस-अठ्ठावीसचं वय, म्हणजे त्या काळच्या नटीच्या हिशेबाने ऐन उमेदीची वर्षं. ती ते दिवस लष्करी इस्पितळांतल्या जखमी सैनिकांना भेटी देत फिरली, अलास्काकडच्या अल्यूशियन बेटांपासून पॅसिफिकमधल्या फिजीपर्यंत.

तो निकाल आजही 'डी हॅव्हिलंड लॉ' म्हणूनच ओळखला जातो.

९. असा खटला बेट्टी डेव्हिसने आधीच केला नव्हता का?

खटला झाला होता, १९३६ मध्ये, याच वॉर्नरशी, पण इंग्लंडच्या कोर्टात, आणि तो भरला होता वॉर्नरने. आणि ती हरली. फरक असा की बेट्टी मुदत चालू असताना करार मोडून बाहेर पडू पाहत होती. ऑलिव्हियाने करार मोडलाच नाही. तिने मुदत भरू दिली आणि मग फक्त विचारलं, की भरली ना? दोघी पुढे जिवलग मैत्रिणी झाल्या.

१०. मग आता कॅलिफोर्नियात सात वर्षांनंतर कुठलाही करार आपोआप रद्द होतो का?

नाही, इथे बरेच जण घसरतात.

करार रद्द होत नाही, काम करणाऱ्याच्या विरोधात तो पुढे राबवता येत नाही एवढंच. तिला खुशीने राहायचं असेल तर राहता येतं. शिवाय नियम वैयक्तिक सेवेच्या करारांनाच लागू आहे आणि कॅलिफोर्नियापुरताच. न्यूयॉर्कला नाही, भारताला तर नाहीच. आपल्याकडे असले वाद करार कायदा आणि विशिष्ट अनुतोष कायदा यांच्या कलमांवर लढले जातात.

जुना करार खरोखर संपवून नवा केला तर वर्षांची मोजणी पुन्हा एकपासून सुरू होते का? होऊ शकते. पण नवा करार खरा की जुन्यालाच दिलेला नवा रंग, यावर वकिलांची चूल आजही पेटते.

मोठा अपवाद गायक-वादकांचा आहे. रेकॉर्ड कंपन्यांनी जोर लावल्यामुळे १९८७ मध्ये कायद्यात पोटकलम घातलं गेलं. गायक सात वर्षांनी निघून जाऊ शकतो, पण कबूल केलेले अल्बम दिले नसतील तर कंपनी नुकसानभरपाई मागू शकते. जॅरेड लेटोच्या 'थर्टी सेकंड्स टू मार्स' बँडवर २००८ मध्ये तीन कोटी डॉलरचा दावा झाला, त्यात हाच कायदा पुढे आला. प्रकरण नंतर तडजोडीत मिटलं. लेटो तेव्हापासून ऑलिव्हियाचं नाव आदराने घेतो.

११. आपल्याकडे तेव्हा असं काही झालं होतं का?

त्याच सुमारास, आणि तेही पुण्यात. मासिक पगाराचे आणि कराराने बांधलेले नट आपल्या स्टुडिओंतही होतेच. १९३९ मध्ये शांता आपटे कराराच्या वादावरून प्रभात स्टुडिओच्या फाटकाशी उपोषणाला बसल्या होत्या. जागा तीच, जिथे आता एफटीआयआय आहे. ऑलिव्हियाच्या हातात एक लिखित कलम होतं. शांताबाईंकडे फाटक होतं. त्या प्रसंगावर स्वतंत्र लिहायला हवं, इथे एवढंच.

१२. खटला जिंकल्यावर तिला काम मिळालं का?

मिळालं, आणि नुसतं काम नाही. पॅरामाउंटने घेतलं आणि 'टू ईच हिज ओन'मध्ये तिला अविवाहित आईची भूमिका मिळाली. कोवळ्या मुलीपासून पन्नाशीकडे झुकलेल्या करड्या, कोरड्या बाईपर्यंतचा प्रवास. कथा रडवी आहे, हे मान्य. पण मधल्या वयातली ऑलिव्हिया जी चालते, खांदे जसे धरते, ते बघा. पहिलं ऑस्कर तिला याच कामाचं मिळालं, मार्च १९४७ मध्ये. (त्या रात्री पडद्यामागे काय झालं ते प्रश्न १५ मध्ये.)

१३. 'द स्नेक पिट' बघवत नाही असं म्हणतात. खरंच एवढा भयंकर आहे?

आजच्या मानाने नाही, १९४८ च्या मानाने नक्कीच. मनोरुग्णालयात डांबलेल्या एका तरुण लेखिकेची ही कथा. त्यात विजेचे झटके आहेत, पाण्याच्या टबात बांधून ठेवणं आहे, खाटांना खाटा चिकटलेले वॉर्ड आहेत. तयारीसाठी ऑलिव्हियाने प्रत्यक्ष मनोरुग्णालयांत जाऊन उपचार आणि रुग्ण पाहिले. तिथून ती एक महत्त्वाची गोष्ट घेऊन आली: आजारी माणूस गोड बोलू शकतो, विनोद करू शकतो, लोकांना आवडू शकतो. म्हणून तिची व्हर्जिनिया नुसती भेसूर होत नाही.

ब्रिटनमध्ये तो काटछाट करून दाखवला आणि आमची इस्पितळं अशी नाहीत असा खुलासाही जोडला. ऑस्करचं नामांकन मिळालं, बक्षीस जेन वायमनला गेलं. व्हेनिसच्या महोत्सवात मात्र सर्वोत्कृष्ट अभिनेत्री हीच ठरली. मला विचाराल तर तिचं सर्वांत धाडसाचं काम हेच.

१४. आणि सर्वांत चांगलं?

'द एअरेस'. वाद घालायला मी तयार आहे.

न्यूयॉर्कच्या श्रीमंत डॉक्टरची बुजरी, साधी मुलगी कॅथरीन. बापाच्या लेखी तिच्यात एकही गुण नाही. देखणा मॉरिस (माँटगोमेरी क्लिफ्ट) तिच्या मागे लागतो, तिच्यासाठी की तिच्या पैशांसाठी? मूळ कथा हेन्री जेम्सची. तिचं नाट्यरूप ऑलिव्हियाने रंगमंचावर पाहिलं आणि दिग्दर्शक विल्यम वायलरला तिनेच गाठून सिनेमा सुचवला. पूर्वी जिला भूमिका वाटून दिल्या जात, तिने आता स्वतः भूमिका शोधून आणली. खटल्याचा खरा लाभ मला इथे दिसतो.

एक प्रसंग जवळून बघण्यासारखा आहे. पळून जायचं ठरलेलं, कॅथरीन सामान भरून रात्रभर वाट बघते, मॉरिस येत नाही. पहाटे ती बॅग उचलून जिना चढून खोलीकडे परतते. वायलरला तो जिना चढणं काही केल्या पटेना. एकामागून एक टेक. शेवटी ऑलिव्हिया इतकी वैतागली की तिने बॅग भिरकावून दिली. तेव्हा वायलरच्या लक्षात आलं, बॅग रिकामी आहे! त्याने तीत जड पुस्तकं भरायला लावली. आता पडद्यावर दिसतो तो टेक त्यानंतरचा. कठड्याला धरून स्वतःला ओढत वर नेणारी बाई, आणि त्या ओझ्यातलं निम्मं खरं आहे.

शेवट सांगत नाही. एवढंच सांगतो, तोच जिना पुन्हा येतो, आणि तेव्हा ती चढते ते अगदी वेगळं.

१५. बहिणीशी वैर का होतं? जोन फॉन्टेन तीच ना?

सर्वांत जास्त येणारा प्रश्न हाच, आणि मला सर्वांत कमी रस असलेलाही हाच.

हो, जोन फॉन्टेन तिची सख्खी धाकटी बहीण. वॉर्नरमध्ये 'डी हॅव्हिलंड' आधीच एक होती, तेव्हा जोनने सावत्र वडिलांचं आडनाव लावलं. लहानपणापासून पटत नव्हतं असं दोघीही सांगत, मात्र दोघींच्या हकिकती जुळत नाहीत.

खात्रीने सांगता येतं ते एवढं. फेब्रुवारी १९४२ च्या ऑस्करला प्रमुख अभिनेत्रीसाठी दोघींनाही नामांकन होतं. ऑलिव्हियाला 'होल्ड बॅक द डॉन'साठी, जोनला हिचकॉकच्या 'सस्पिशन'साठी. जिंकली धाकटी. १९४७ मध्ये ऑलिव्हिया जिंकली तेव्हा जोन अभिनंदनाला पुढे आली आणि ऑलिव्हिया तोंड फिरवून निघून गेली. तो क्षण एका छायाचित्रकाराने टिपला आणि वर्तमानपत्रांना पुढची कित्येक वर्षं पुरला. रागाचं कारण ऑस्कर नव्हतं. ऑलिव्हियाच्या नवऱ्याबद्दल जोन चारचौघांत खवचटपणे बोलली होती. १९७५ मध्ये आई गेली, तेव्हा श्रद्धांजलीच्या कार्यक्रमावरून उरलंसुरलं तुटलं. जोन डिसेंबर २०१३ मध्ये ९६ व्या वर्षी वारली.

प्रमुख भूमिकेचं ऑस्कर दोन्ही भावंडांना मिळाल्याचं हे एकच उदाहरण. बॅरिमोर भावंडांचं नाव काही जण घेतात, पण एथेल बॅरिमोरचं बक्षीस सहायक भूमिकेचं होतं.

१६. हॉलिवूड सोडून ती पॅरिसला का गेली?

लग्नामुळे. पहिला नवरा कादंबरीकार मार्कस गुडरिच. १९४६ मध्ये लग्न, १९५३ मध्ये घटस्फोट, एक मुलगा. १९५३ मध्येच कान महोत्सवाला गेली असताना 'पारी मॅच' साप्ताहिकाचा संपादक पियर गालांत भेटला. १९५५ मध्ये लग्न करून ती पॅरिसची झाली. पुढच्या वर्षी मुलगी झाली. १९६२ मध्ये दोघं विभक्त झाले, कायदेशीर घटस्फोट १९७९ मध्ये. पण गालांत शेवटच्या आजारात पडला तेव्हा त्याची शुश्रूषा तिनेच केली. मुलगा कॅन्सरच्या उपचारांतून जडलेल्या हृदयविकाराने १९९१ मध्ये गेला, वयाच्या ४२ व्या वर्षी.

जाता जाता: ग्रेस केली आणि मोनॅकोचा राजा रेनिए यांची १९५५ ची पहिली भेट गालांतनेच घडवली, साप्ताहिकाच्या छायाचित्रांसाठी. कानला जाणाऱ्या रेल्वेत ही कल्पना निघाली तेव्हा ऑलिव्हिया बरोबर होती.

१७. पॅरिसला गेल्यावर अभिनय संपलाच का?

कमी झाला, संपला नाही. पॅरिसला जायच्या आधी, १९५१ मध्ये ब्रॉडवेवर ज्युलिएट केली होती. पस्तिशीतली ज्युलिएट समीक्षकांना फारशी रुचली नाही. १९५२ मध्ये रिचर्ड बर्टनबरोबर 'माय कझिन रेचल'. पॅरिसला गेल्यावर, १९६४ मध्ये बेट्टी डेव्हिसबरोबर 'हश... हश, स्वीट शार्लट'. ती भूमिका मुळात जोन क्रॉफर्डची होती. ती आजारपणामुळे बाहेर पडली आणि बेट्टीने मैत्रिणीला बोलावलं. ऑलिव्हियाच्या गोड आवाजाखालची क्रूर बाई तुम्हाला मेलनी विसरायला लावेल. सत्तरच्या दशकातल्या 'एअरपोर्ट ७७' आणि मधमाश्यांच्या 'द स्वॉर्म'बद्दल न बोललेलं बरं. १९६५ मध्ये ती कानच्या ज्युरीची अध्यक्ष झाली. त्या खुर्चीत बसलेली पहिली स्त्री तीच.

१८. कुठून बघायला सुरुवात करू?

रॉबिन हूड, मग 'द एअरेस', मग 'द स्नेक पिट'. 'गॉन विथ द विंड' चार तासांचा आहे आणि गुलामगिरीबद्दलची त्याची नजर आज खुपते. तो शेवटी, सवडीने बघा.

१९. शंभरी ओलांडल्यावर तिने पुन्हा खटला केला, तो जिंकली का?

हरली. २०१७ मध्ये एफएक्स वाहिनीची बेट्टी डेव्हिस-जोन क्रॉफर्ड यांच्या भांडणावरची मालिका आली. तीत कॅथरीन झीटा-जोन्सने ऑलिव्हिया रंगवली होती. मालिकेतली ऑलिव्हिया गावगप्पा करते, बहिणीला शिवी देते. खरी म्हणाली, मी असं बोललेच नाही, आणि माझं नाव वापरायला परवानगी कोणी दिली? १०१ व्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी, ३० जून २०१७ ला दावा दाखल झाला. त्याच महिन्यात तिला ब्रिटनचा 'डेम' किताबही जाहीर झाला होता.

खालच्या कोर्टाने खटला चालू द्यायचं ठरवलं. पण २६ मार्च २०१८ ला अपील कोर्टाने तो फेटाळला. खऱ्या माणसांवर कथा रचण्याचं स्वातंत्र्य घटनेने दिलं आहे आणि त्यासाठी त्यांची परवानगी लागत नाही, हे त्याचं सार. कोर्ट कुठलं, तर लॉस एंजेलिसचं तेच दुसऱ्या विभागाचं अपील कोर्ट, ज्याने १९४४ मध्ये तिच्या बाजूने निकाल दिला होता. जानेवारी २०१९ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानेही प्रकरण घ्यायला नकार दिला. मला हा निकाल योग्य वाटतो. तो उलटा लागला असता तर चरित्रपट काढणंच अवघड झालं असतं.

२०. 'गॉन विथ द विंड'मधली शेवटची हयात कलाकार आणि सर्वांत दीर्घायुषी ऑस्करविजेती नटी, दोन्ही मान तिचेच ना?

दोन्ही नाहीत, जरी २०२० च्या मृत्युलेखांत दोन्ही छापून आले.

मुख्य कलाकारांपैकी शेवटची ती, हे बरोबर. पण तिच्याच मेलनीच्या मुलाची, छोट्या बोची भूमिका करणारा मिकी कून तिच्यानंतर दोन वर्षं जगला. तो नोव्हेंबर २०२२ मध्ये गेला. आणि वयाचं बघाल तर सलग दोन ऑस्कर मिळवणारी लुइझ रायनर १०४ वर्षं पुरी करून जवळपास साडेअकरा महिने अधिक जगली. ऑलिव्हिया १०४ पुरी झाल्यावर पंचवीस दिवसांनी गेली.